तेप्पकाडू : मुक्या जिवांचं दुखणं जाणणारी छावणी

निलगिरीच्या पायथ्याशी, मुदुमलाईच्या जंगलात हत्तींची एक जुनी छावणी आहे. पर्यटक तिथे हत्ती बघायला जातात. आम्हीही त्यासाठीच गेलो होतो. पण परतताना मनात घोळत होते ते हत्तींकडे बघणाऱ्या माणसांचे डोळे.

सकाळी निघायला अंमळ उशीरच झाला. म्हैसूर सोडले, गुंडलुपेट मागे पडले आणि बंदीपूरचे जंगल सुरू झाले तेव्हा ऊन चांगलेच वर आले होते. या रस्त्यावर २००९ पासून रात्री नऊ ते सकाळी सहा वाहनांना बंदी आहे. रात्रीच्या वेळी गाड्यांखाली चिरडून मरणाऱ्या प्राण्यांसाठी घातलेली ही बंदी. ‘‘रात्रीचा रस्ता त्यांचा, दिवसाचा आपला,’’ आमच्या टॅक्सीचा ड्रायव्हर मोडक्या हिंदीत म्हणाला. कर्नाटकची हद्द संपली, तामिळनाडूची चौकी लागली आणि बंदीपूरचे जंगल न तुटता मुदुमलाईचे जंगल झाले. हद्द काय ती माणसांना. हत्तींच्या लेखी सगळे एकच रान!

आम्ही चौघे होतो. मी, माझे यजमान, नऊ वर्षांची लेक आणि माझा मावसभाऊ. दादा गुरांचा डॉक्टर. सातारा जिल्ह्यातल्या खेड्यापाड्यांतून मोटरसायकलवर हिंडण्यात त्याची वीस वर्षे गेली. ‘‘तुमचं उटी तुम्ही बघा, मला ती हत्तींची छावणी दाखवा,’’ एवढ्या एका अटीवर तो सहलीला आला होता. वाटेत एक दिवस छावणीसाठी काढायचा, असे ठरले. खरे सांगायचे तर मला त्यात फारसा रस नव्हता. हत्ती काय, लहानपणापासून पाहत आलो आहोत, असे वाटले होते.

मोयारच्या काठी

तेप्पकाडू हे गाव म्हणजे मोयार नदीवरचा पूल, वनखात्याची कौलारू घरे, चहाची एक-दोन दुकाने आणि ही छावणी. ब्रिटिश अमदानीत जंगलातून सागवानाचे ओंडके ओढण्यासाठी हत्ती पाळले जात. विसाव्या शतकाच्या आरंभापासून इथे हत्ती आहेत. १९४० मध्ये मुदुमलाई अभयारण्य झाले, २००७ मध्ये व्याघ्रप्रकल्प झाला, लाकूडतोड थांबली. हत्ती मात्र राहिले. आता ते जंगलात गस्तीला जातात, शेतात घुसलेल्या रानहत्तींना परतवतात. अशा शिकवलेल्या हत्तीला ‘कुम्की’ म्हणतात. काही म्हातारे होऊन निवृत्त झाले आहेत, तर काही आईपासून ताटातूट झालेली पोरकी पिल्ले आहेत.

२०२२ मध्ये आलेला ‘द एलिफंट व्हिस्परर्स’ हा माहितीपट पुष्कळांनी पाहिला असेल. कार्तिकी गोन्साल्विस यांच्या या माहितीपटाला २०२३ मध्ये ऑस्कर मिळाले. त्यातला रघू हे असेच पोरके पिल्लू आणि त्याला वाढवणारे बोम्मन-बेल्ली हे जोडपे याच छावणीतले. पुढे २०२३ मध्येच बेल्ली यांना तामिळनाडू सरकारने ‘कावडी’ म्हणून, म्हणजे माहुताच्या मदतनिसाच्या जागेवर नेमले. तामिळनाडूत या कामावर नेमलेल्या त्या पहिल्याच बाई.

आम्ही पोचलो तेव्हा हत्ती नदीत होते. एक हत्तीण कुशीवर आडवी झाली होती आणि तिचा माहूत गुडघाभर पाण्यात उभा राहून तिचे अंग घासत होता. आम्ही पुलाजवळूनच पाहत होतो. लेक टाळ्या पिटत होती. दादाने तिच्या खांद्यावर हात ठेवला. ‘‘तो नुसती अंघोळ घालत नाहीये. त्याचा हात बघ.’’

मग आम्हालाही दिसू लागले. घासता घासता माहुताचा हात मधेच थांबे. कानामागे, काखेत, पायाच्या नखांपाशी तो बोटांनी चाचपून पाही. एका जागी हत्तिणीने कातडी थरथरवली. त्याने पुन्हा तिथेच हात नेला. पुन्हा तीच थरथर. मग तो वाकून नीट पाहू लागला. जाडजूड कातडीचा हा प्राणी म्हणून आपण हत्तीला ओळखतो. पण त्याच कातडीला अंगावर बसलेली माशीदेखील कळते! दुखरा भाग असाच सापडतो, दादा म्हणाला. अंघोळ म्हणजे रोजची तपासणीच.

रात्री कुठल्या कुशीवर झोपला?

अंघोळी झाल्या, हत्ती ओळीने खाण्याच्या ओट्याकडे निघाले. पर्यटकांसाठी कठडा घातला आहे, त्याच्या अलीकडे आम्ही उभे राहिलो. शिजवलेली नाचणी, भात आणि कुळीथ यांचे भलेमोठे उंडे बांधले जात होते. त्यात गूळ, मीठ, खोबरे. कुणाला किती द्यायचे ते ठरलेले. म्हाताऱ्याला वेगळे, गाभणीला वेगळे, पिल्लाला वेगळे. आपल्या घरात मधुमेही आजोबांचे ताट वेगळे वाढतात ना, तसेच!

खाणे उरकल्यावर एक वयस्क माहूत झाडाखाली विडा चघळत बसला होता. इथले बरेच माहूत कुरुंब आणि काट्टुनायकन या आदिवासी समाजांतले. बापामागून मुलगा, असे हे काम पिढ्यान्‌पिढ्या चालत आले आहे. त्याला कन्नड येत होते, ड्रायव्हरलाही येत होते. त्यामुळे आमची गाडी चालली. ‘‘अय्या, हत्ती आजारी आहे हे तुम्हाला कळतं कसं?’’ दादाने विचारले.

म्हातारा हसला. मग बोटे मोडत सांगू लागला.

संध्याकाळचे खाणे झाले की बऱ्याच हत्तींना पायात लांब साखळी अडकवून रानात चरायला सोडतात. सकाळी माहूत साखळीच्या ओरखड्याचा माग काढत जातो. हत्ती दिसला की आधी त्याच्या दोन्ही कुशी बघायच्या. माती लागली आहे का? लागली असेल तर रात्री तो आडवा झाला, झोपला. दोन्ही कुशी कोऱ्या असतील तर रात्रभर उभाच होता. एक रात्र ठीक. लागोपाठ उभा राहिला तर काहीतरी दुखते आहे. बसलो तर उठता येणार नाही, अशी भीती त्याला वाटते आहे.

मग लीद बघायची. किती वेळा टाकली, किती टाकली, त्यात चारा कसा चावला गेला आहे. काड्या लांब लांब दिसल्या तर दाढा झिजल्या. हत्तीच्या दाढा आयुष्यात सहा वेळा येतात. शेवटच्या झिजल्या की पोट भरणे अवघड. मग कान. निरोगी हत्तीचे कान आणि शेपूट सारखे हलत असतात. कान थांबले, डोळ्यांतून पाणी गळते आहे, सोंड जमिनीवर टेकवून उभा आहे, म्हणजे बिनसले. आणि शेवटी नखे. हत्तीला घाम येतो तो नखांच्या कडेला. ती जागा ओलसर हवी. कोरडी पडली तर डॉक्टरांना निरोप धाडायचा.

‘‘आणि यातलं काहीच नसेल तर?’’ मी विचारले.

‘‘तर त्याची हाक,’’ म्हातारा म्हणाला. रोज सकाळी माहूत दुरून हाक मारतो तेव्हा हत्ती ओळखीचा हुंकार देतो. ज्या दिवशी तो हुंकार येत नाही, त्या दिवशी बाकी सगळे ठीक दिसले तरी माहुताच्या पोटात गोळा येतो.

दादा वहीत टिपून घेत होता. वीस वर्षे डॉक्टरकी केलेला माणूस एका अंगठेबहाद्दराचे बोलणे उतरवून घेतो आहे, हे पाहून मला गंमत वाटली. तो मान वर न करता म्हणाला, ‘‘हसू नकोस. माझं थर्मामीटर दुपारी लागतं. याचं पहाटे लागलेलं असतं.’’

खरे थर्मामीटरही इथे निराळ्याच रीतीने लावतात. हत्तीने नुकत्याच टाकलेल्या लिदीच्या गोळ्यात ते खुपसायचे! गोळा गरम आहे तोवर आतले तापमान शरीराच्या तापमानाजवळ असते. निरोगी हत्तीचे ते साधारण ३६ अंश सेल्सिअस, म्हणजे आपल्यापेक्षा किंचित कमीच. सुई टोचायची, रक्त काढायचे ते कानामागच्या शिरेतून. त्यासाठी हत्तीला कान पुढे करून शांत उभे राहायला शिकवावे लागते. पाय उचल, तोंड उघड, आडवा हो हे हुकूम पाहून आपल्याला सर्कस आठवते. पण त्यातला प्रत्येक हुकूम औषधोपचारासाठी उपयोगी आहे. पाय उचलला नाही तर तळव्यातला काटा काढणार कसा? आणि प्रत्येक वेळी बेशुद्ध करणेही सोपे नाही. भूल दिलेला हत्ती छातीवर बसला तर स्वतःच्याच वजनाने त्याचा श्वास कोंडतो. त्याला कुशीवर आणण्यासाठी धावपळ करावी लागते.

गोळीची लपवाछपवी

औषध तोंडातून द्यायचे तर आणखी कसरत. हत्तीचे नाक म्हणजे सोंड. वासाच्या बाबतीत त्याला फसवणे कठीण. उंड्यात कडू औषध आहे असा नुसता संशय आला तरी तो उंडा सोंडेने फोडतो, औषध नेमके बाजूला काढतो आणि उरलेले खातो. एकदा फसला की पुढचे चार दिवस साध्या उंड्याचीही झडती घेतो.

यावर म्हाताऱ्याची युक्ती अशी : पहिले दोन उंडे साधे, गूळ जास्त घातलेले. तिसरा औषधाचा. आणि तो तोंडात असतानाच चौथा त्याच्या डोळ्यांसमोर धरायचा. चौथ्याच्या नादात तिसरा गिळला जातो!

माझी आई मला एरंडेल पाजताना दुसऱ्या हातात बत्तासा धरून उभी राही, ते आठवले. लेकीने लगेच विचारले, ‘‘आई, तू मलापण असंच फसवतेस का गं?’’ उत्तर द्यायचे मी टाळले.

रागामागची जखम

या छावणीत एक नाव अजूनही आदराने घेतले जाते : डॉ. व्ही. कृष्णमूर्ती. तामिळनाडूच्या वनखात्यात ते पशुवैद्य होते. अण्णामलाई आणि मुदुमलाईच्या रानांत त्यांनी उभी हयात काढली. २००२ मध्ये ते वारले. तमिळ लेखक जयमोहन यांच्या ‘यानै डॉक्टर’, म्हणजे ‘हत्तीचा डॉक्टर’, या गाजलेल्या कथेचे नायक तेच.

त्यांच्याशी जोडलेली एक हकिगत इथे सगळ्यांना ठाऊक आहे. केरळ आणि तामिळनाडूच्या सीमेवर एका मखन्याने, म्हणजे सुळे नसलेल्या नराने, धुमाकूळ घातला होता. अनेक माणसे त्याने मारली होती. १९९८ मध्ये गुडलूर भागात त्याला पकडले तेव्हा त्याच्या अंगावर बंदुकीच्या गोळ्यांच्या जखमा होत्या. डॉ. कृष्णमूर्तींनी त्याच्यावर उपचार केले. जखमा भरल्या. आणि ज्याच्या नावाने गावे थरथरत होती तो हत्ती पुढे छावणीतला एक शांत हत्ती म्हणून ओळखला जाऊ लागला. डॉक्टरांच्याच नावावरून त्याचे नाव ठेवले : मूर्ती.

आधी राग होता म्हणून गोळ्या झाडल्या गेल्या, की गोळ्या लागल्या म्हणून राग वाढला, हे कोण सांगणार? ज्यांची माणसे गेली त्यांचे दुःखही लहान नाही. पण दादाला यात नवल वाटले नाही. ‘‘लाथ मारणारी म्हैस माझ्याकडे आणतात ना, तेव्हा मी आधी कास बघतो. दहांतल्या निम्म्यांना तरी कासेत दुखत असतं. मालक म्हणतो, खोडील आहे, बाजार दाखवू. अरे, खोड नाही ती; ती तक्रार आहे!’’

आणि मग त्याने आपल्या गावाकडची गोष्ट सांगितली. एका आजीबाईंची गाय. खाते थोडे कमी, दूध थोडे कमी; बाकी काही दिसेना. आजी म्हणाल्या, ‘‘डाक्टर, ही चढ चढती, पन उतार उतरंना.’’ दादा थबकला. गाईने चाऱ्याबरोबर तार किंवा खिळा गिळला की तो पोटातून पुढे सरकतो, छातीच्या पडद्याला टोचतो. उतारावर पोटातला भार पुढे येतो आणि टोचणी वाढते. म्हणून गाय उतार टाळते, पाठ कमानीसारखी धरते, पुढचे कोपर बाहेर काढून उभी राहते. आजींनी पुस्तक वाचलेले नव्हते. त्या रोज गाईच्या मागून चालत होत्या, एवढेच.

विशेष म्हणजे हत्तींच्या दुखण्यांवर आपल्याकडे फार जुना ग्रंथ आहे : पालकाप्य मुनींचा ‘हस्त्यायुर्वेद’. अंगदेशाचा राजा रोमपाद प्रश्न विचारतो आणि मुनी उत्तरे देतात, अशी त्याची मांडणी. पुण्याच्या आनंदाश्रमाने तो १८९४ मध्ये छापला. म्हणजे ही विद्या परदेशातून आलेली नाही. फक्त पुस्तकातली विद्या आणि पहाटे साखळीचा माग काढणारा माणूस यांची गाठ पडावी लागते.

झुलणारा हत्ती

दुपारी एका कडेला साखळीने बांधलेला नर दिसला. गालावर, डोळा आणि कान यांच्या मध्ये, काळा ओघळ. मद आला होता. अशा वेळी नराचा भरवसा नसतो. ओघळ दिसण्याआधीच माहुताला तो कळतो म्हणे. हुकूम ऐकायला हत्ती पूर्वीपेक्षा पळभर जास्त घेतो, तो पळ हीच सूचना. मग दोन-तीन महिने त्याला वेगळा ठेवतात.

तो एका पायावरून दुसऱ्या पायावर डोलत होता. लेक म्हणाली, ‘‘नाचतोय!’’

लहानपणी आमच्या गल्लीत हत्ती येई तेव्हा आम्हीही असेच म्हणत होतो. दारात हत्ती झुलणे म्हणजे ऐश्वर्य! सोंडेत नाणे ठेवायचे, डोक्यावर सोंड ठेवून घ्यायची. दादाने हळूच सांगितले, ‘‘हा नाच नव्हे. चालायला मिळालं नाही, संगतीला कोणी नाही, की हत्ती असा डोलतो. मनाचं दुखणं आहे ते.’’ इथल्या नरासाठी हे काही महिन्यांचे असते. देवळांच्या फरशीवर वर्षानुवर्षे एकटे उभे असणाऱ्या हत्तींचे काय? तामिळनाडूत देवळांतल्या हत्तींसाठी २००३ मध्ये सरकारने पहिले विश्रांती शिबिर भरवले ते इथेच, तेप्पकाडूला. नदीत डुंबायचे, मातीवर चालायचे, इतर हत्तींना भेटायचे.

छावणीत सगळे आलबेल आहे असे मी म्हणणार नाही. रानात पकडलेल्या हत्तीला माणसाळवण्यासाठी लाकडी ओंडक्यांच्या पिंजऱ्यात कोंडतात. ते बघवत नाही, असे बघणारे सांगतात. साखळ्याही आहेत, अंकुशही आहे. हत्ती रानातच असावा हे खरे. पण जो आता रानात परतू शकत नाही, त्याच्या कुशीची माती रोज पाहणारा कुणी असावा, हेही खरेच.

मोतीचं राहून गेलं

संध्याकाळी मसिनगुडीच्या वाटेला लागलो. लेक गप्प होती. बऱ्याच वेळाने तिने विचारले, ‘‘मामा, कुत्र्याचं कसं ओळखतात?’’

मला एकदम घशाशी आले. आमचा मोती गेल्या दिवाळीत गेला. अकरा वर्षांचा होता. गणपतीच्या दिवसांपासून तो फाटकापाशी यायचा थांबला होता. मोरीतल्या गार फरशीवर जाऊन पडे. पाण्याचे भांडे दोनदा भरावे लागे. लेक म्हणायची, ‘‘आई, मोती माझ्याशी बोलत नाही हल्ली.’’ आम्ही म्हणायचो, म्हातारा झाला गं. खाणे सुटले तेव्हा डॉक्टरांकडे नेले. त्यांनी पहिला प्रश्न विचारला : ‘‘कधीपासून?’’ आम्ही दोघे एकमेकांच्या तोंडाकडे बघत राहिलो. उत्तर दिले ते लेकीने. ‘‘विसर्जनापासून.’’ मूत्रपिंडे निकामी होत आली होती.

दादाला हे सारे ठाऊक होते. त्याने तिला जवळ घेतले. ‘‘तू ओळखलंच होतंस की. भरपूर पाणी पिणं, एकटं जाऊन पडणं, दाराशी न येणं. सगळं बरोबर ओळखलंस.’’

‘‘मग तो वाचला असता?’’

मला वाटले, आता हा काहीतरी गोड बोलून वेळ मारून नेईल. पण दादाने तसे केले नाही. ‘‘वाचलाच असता असं मी म्हणणार नाही. त्या वयात ते दुखणं बरं होत नाही. पण त्याचा त्रास कमी करता आला असता. कदाचित आणखी काही महिने मिळाले असते.’’

ती खिडकीबाहेर बघत राहिली. थोड्या वेळाने म्हणाली, ‘‘पुढचा कुत्रा आणला ना, तर मी वही ठेवणार.’’

मोती गेल्यानंतर ‘पुढचा कुत्रा’ हा शब्द आमच्या घरात पहिल्यांदाच निघाला होता. यजमानांनी माझ्याकडे पाहिले. मी म्हटले, ‘‘ठेव. आणि तू काही सांगितलंस, तर या वेळी आम्ही ऐकू.’’

कसे जाल?

म्हैसूरहून गुंडलुपेट-बंदीपूर मार्गे तेप्पकाडू सुमारे ९० किलोमीटर. मुंबई-पुण्याहून बंगळूरू मार्गे म्हैसूर गाठावे. रस्ता रात्री नऊ ते सकाळी सहा बंद असतो, हे लक्षात ठेवून निघावे. निलगिरी जिल्ह्यात बाहेरच्या वाहनांना मे २०२४ पासून ई-पास सुरू झाला आहे; निघण्याआधी नियमांची चौकशी करावी. हत्तींचे खाणे सकाळी आणि संध्याकाळी पाहायला मिळते. वेळा आणि शुल्क वनखात्याकडे विचारून घ्यावे. गणेशचतुर्थीला छावणीतल्या गणपतीच्या देवळात हत्तींकडून घंटा वाजवून पूजा होते, ती पाहायला मोठी गर्दी लोटते. मसिनगुडीहून उटीला जाणारा कल्लट्टीचा घाट ३६ अवघड वळणांचा आहे. तिथेही बाहेरच्या वाहनांवर निर्बंध असतात. प्लास्टिक नेऊ नये. हत्तींना आपल्या हाताने काहीही खाऊ घालू नये, आणि कठड्याच्या अलीकडेच उभे राहावे.